रस्त्याकडची खोली

डॉक्टर बाहेर आले आणि माझ्याकडे न बघता चष्मा पुसू लागले, तेव्हाच मला कळलं. ही गेली होती. मी दवाखान्याच्या जिन्यात बसलो. तेवढ्यात हिच्या वकीलबाईंचा फोन आला.

"आनंदाची बातमी आहे! वरच्या कोर्टाने हुकूम काढलाय. वाटणीचे जुने दावे वर्षाच्या आत संपवायचे. आता तारखांवर तारखा नाहीत. बाईंना उद्याच घेऊन या."

"ती आत्ताच वारली," मी म्हणालो.

हिने धाकट्या भावावर दावा लावला तेव्हा आमची मुलगी रांगत होती. आता ती सासरी नांदते. वडिलांच्या घरातली रस्त्याकडची खोली हिला हवी होती. वडील तिथे शिवणकाम करायचे. त्यांच्या शेजारी बसून ही काजं करायला शिकली. "माझं मशीन त्याच खिडकीत लावणार," असं म्हणत तिने उभा जन्म आमच्या भाड्याच्या खोलीत, दाराआडच्या अंधारात शिवलं.

मुलीला घेऊन वारस म्हणून नाव लावायला गेलो, तर कोर्टाच्या व्हरांड्यात मेहुणा भेटला.

"दाजी, आता कुणासाठी भांडताय? ताई तर गेली."

"तारखांना ती आली. निकालाला मी येणार."

"तिच्याहून हट्टी निघालात."

"तिचाच हट्ट आहे. मी पुढे नेतोय."

आत पुकारा झाला तसा त्याचा वकील सवयीने उभा राहिला. "साहेब, मला ताप आहे, पुढची तारीख..."

"मग बसून बोला," न्यायाधीश म्हणाले. मागे कुणीतरी फिसकन हसलं.

निम्मं-निम्मं ठरलं. घर मोजायला कोर्टाने एक माणूस पाठवला. त्याने काढलेला पहिला नकाशा मला पटला नाही, दुसरा मेहुण्याला.

"अहो, सोमवारी अहवाल द्यायचाय," तो वैतागला. "तुमचं जमत नसेल तर मी मारतो रेघ, मग रडत बसा."

मी म्हणालो, "या घरात खाऊ वाटायचा एक नियम होता म्हणे. भावाने कापायचं, बहिणीने आधी उचलायचं."

मेहुण्याने मान वर केली. "ताईने सांगितलं?"

"आणखी कोण सांगणार?"

मी गवंडी आहे. पिशवीतून दोरी काढली आणि तिचं एक टोक त्याच्या हातात दिलं. तो बराच वेळ घरभर फिरला. मग वाकून म्हणाला, "इथे." मी दोरी ताणली. रस्त्याकडची खोली अख्खी एका बाजूला आली, पण ती बाजू लहान होती. स्वयंपाकघर, मागची खोली, अंगण, सगळं पलीकडे.

"बोला," मोजणारा म्हणाला.

"रस्त्याकडची."

"आजोबा, लहान आहे ती. नंतर तक्रार चालणार नाही."

"दिसतंय मला. लिहा."

मेहुणा दोरीचं टोक धरून तसाच उकिडवा बसला होता. "लहानपणीही मी मुद्दाम एक तुकडा मोठा कापायचो," तो म्हणाला. "तिने कधी उचलला नाही. लहान घ्यायची आणि मोठा माझ्यापुढे सरकवायची. मला राग यायचा, दाजी. तिने एकदा तरी मोठा घ्यायचा होता."

मोजणाऱ्याने दोघांच्या सह्या घेतल्या.

वर्ष संपायच्या आत निकालावर शिक्का पडला. त्याच दिवशी मी हिचं मशीन हातगाडीवर घालून आणलं आणि खिडकीत लावलं. तेल घातलं. मुलगी येऊन शिवून बघते म्हणाली आहे.

मधली भिंत मीच बांधायची, असं हिने केव्हाच बजावून ठेवलं होतं. "दुसऱ्याच्या हातची नको, वाकडी होईल. दोरीचं टोक मी धरेन," म्हणायची. विटा उतरवल्या आहेत, वाळू चाळून ठेवली आहे. मेहुणा रोज संध्याकाळी दारात येतो आणि विचारतो, "टोक धरू का, दाजी?"

मी म्हणतो, उद्या.

भिंत अजून बांधायची आहे.