कप कुठल्या हातात होता

हरभऱ्याएवढं ते यंत्र फेर्नांने तळहातावर उलटसुलट करून पाहिलं आणि दिग्दर्शकाला परत दिलं.

“हे कानात घालून मी ऐकू काय?”

“तुमचेच संवाद,” बास्तियां चाचरत म्हणाला. “कुणीतरी सांगत राहील. राग मानू नका, फेर्नां, हल्ली सगळेच वापरतात.”

“कवळीही सगळेच वापरतात. माझे दात अजून शाबूत आहेत.”

मंडळी हसली, पण बास्तियांचा चेहरा उतरलेलाच होता. म्हातारा नावाडी आपली बोट नातीच्या हवाली करतो, असा प्रसंग. दीड पानाचं भाषण. सकाळपासून दोन टेक वाया गेले होते आणि दोन्ही वेळा फेर्नांच अडखळला होता. अकराला मझ नदीवर बोटींची रीघ सुरू होणार, मग चित्रीकरण बंद. तिसराही टेक गेला तर यंत्र कानात घालायचं, असं ठरलं.

फेर्नांने मान डोलावली, पण त्याची बोटं टोपीची कड चुरगाळत राहिली. अभिनयात एकावन्न वर्षं झाली होती. पाद्री, खुनी, खाटीक, दोन राजे, चॉकलेटच्या जाहिरातीतले आजोबा, कार्टूनमधलं अस्वल. सगळे त्याच्या स्वतःच्या डोक्यातून बोलले होते. दुसऱ्याने सांगितलेलं बोलायचं म्हणजे त्याला मेल्याहून मेल्यासारखं होणार होतं. पडद्यावर तर तो तेवीस वेळा मेला होता.

ही मोजदाद जोझियानची. कुणाचं बटण उघडं होतं, कप कुणाच्या कुठल्या हातात होता, याची ती सेटवर नोंद ठेवायची. फेर्नांच्या खोड्या काढायचं काम मात्र चौतीस वर्षं बिनपगारी करत होती.

“म्हाताऱ्या, या वेळी चुकलास तर चोविसाव्यांदा मी मारीन तुला.”

मरणाची थट्टा चालते, पण नाटकवाल्यांच्या जुन्या समजुतीने ‘दोर’ हा शब्द वर्ज्य. तो शब्द सेटवर कुणी थट्टेतही काढत नाही. वायर म्हणतात, बोट दाखवतात; पण तो निघाला की अपशकुन. टेक रद्द, आणि बोलणाऱ्याने सगळ्यांना बिअर पाजायची. फेर्नांच्या तोंडून तो आजवर एकदाच निसटला होता, जोझियानच्या कामाच्या पहिल्याच दिवशी. त्यावरून ती अजूनही त्याला चिडवायची.

तिसरा टेक सुरू झाला. फेर्नां बोलू लागला आणि अडखळणं कुठल्या कुठे पळालं. पानभर मजकूर झाला. आता मध्येच नातीचं एक वाक्य होतं. नातीचं काम करणाऱ्या नोएमीची ही पहिलीच मालिका. जोझियानचं बोट वहीत त्या वाक्यावर होतं. तिने वर पाहिलं. पोरीचे ओठ हलत नव्हते, आणि कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या.

“अगं, तो दोर सोड आधी,” फेर्नां म्हणाला.

मग जो गलका उठला त्याने काठावरची बदकं उडाली.

“बिअर! बिअर! फेर्नांची बिअर!”

सगळ्यांत मोठ्याने नोएमी हसत होती, डोळे पुसत पुसत. बास्तियांने मात्र निमूटपणे यंत्राची डबी उघडली.

“नऊ मिनिटं आहेत अजून,” जोझियान त्याला म्हणाली. “यंत्राशिवाय आणखी एक टेक घे. माझ्या जबाबदारीवर.”

तेवढ्यात फेर्नां नोएमीच्या कानाशी पुटपुटला, “पोरी, मी टोपी काढली की तुझं वाक्य.”

चौथ्या टेकला टोपी निघाली, वाक्य आलं, आणि उरलेलं अर्धं पान फेर्नांने असं म्हटलं की ध्वनिमुद्रकाने नाक पुसायला रुमाल काढला. टाळ्या थांबेनात. बास्तियांने डबी मिटून खिशात टाकली.

दुपारी गुत्त्यावर फेर्नांने सगळ्यांना बिअर पाजली. जोझियान आज त्याला चिडवत नव्हती. तिला आपला पहिला दिवस आठवत होता. फेर्नांचा कप उजव्या हातात असताना तिने डावा लिहिला होता. कॅमेरा चालू असताना ते लक्षात आलं आणि ती एकदा वहीकडे, एकदा त्याच्या हाताकडे बघू लागली. तेवढ्यात फेर्नां तो शब्द बोलून बसला. हशा, गोंधळ, टेक रद्द. त्या गोंधळात तिने वहीत दुरुस्ती केली. कुणाला काही कळलं नाही.

“फेर्नां,” तिने हळूच विचारलं, “तेव्हा तो कप...”

“कुठला कप?” तो म्हणाला. “माझं हल्ली काही लक्षात राहत नाही. बास्तियांला विचार.”

आणि तिच्याकडे न बघता त्याने डाव्या हातातला ग्लास उजव्या हातात घेतला.