हसणारा राजा

"सर हसतच नाहीत," शेवटची कॅसेट यंत्रातून काढत मिरचीने निकाल दिला.

शाळेच्या कपाटात जुन्या संमेलनांच्या कॅसेट सापडल्या होत्या. सुट्टीत माझ्याकडे सिनेमा शिकायला येणाऱ्या मिरची, चष्मा अशा टोपणनावांच्या मुलांना मी एकच अट घातली होती. नवं काही चित्रित करायचं नाही, आहे त्यातूनच नवी गोष्ट जोडायची. पण तेव्हाच्या मुख्याध्यापकांनी शिपायाला बजावलं होतं, कॅमेरा हलता कामा नये. शिपाई आज्ञाधारक. त्याने तो पाहुण्यांच्या खुर्च्यांवर रोखला, तो रोखलाच. नाटकं, शर्यती, सगळं त्याच्या पाठीमागे झालं आणि कॅसेटभर फक्त मुख्याध्यापक सर बसून राहिले.

मुलांनी मग सरांनाच राजा केलं. राज्यात हसायला बंदी, आणि शेवटी राजाच हसतो. कल्पना झकास होती, पण राजा काही केल्या हसेना. कपाळाला आठ्या घाली, घड्याळ बघे, माशी हाकली तरी शिस्तीत हाकी. त्यात निवृत्त सर सपत्नीक सिनेमा बघायला येणार होते. मी त्यांच्या हाताखाली चित्रकला शिकवलेली, त्यामुळे मुलांपेक्षा माझीच जास्त तंतरली होती.

अखेर चष्म्याला एक शिंक सापडली. ती त्याने उलटी आणि सावकाश चालवली. सरांचा चेहरा रुमालातून वर आला, मान मागे गेली, डोळे मिटले आणि तोंड भरभरून उघडलं. मुलांनी त्यावर आपल्याच खिदळण्याचा आवाज चढवला. राजा मनापासून हसला.

सिनेमाच्या दिवशी त्या हसण्यावर अख्खं सभागृह हसलं. सर सोडून. त्यांच्या पत्नी मात्र खुर्चीत पुढे सरकल्या. संपल्यावर त्यांनी तेवढाच तुकडा पुन्हा लावायला सांगितला. मग आणखी एकदा.

"हे इतके खुलून हसलेले मी कधी पाहिलेच नाहीत हो," त्या मला म्हणाल्या. "लग्नाच्या फोटोतसुद्धा नाही. मला घरी मिळेल का हे?"

मी मान डोलावली. त्या चपला घालायला दाराकडे वळल्या, तसे सर माझ्या कानाशी आले.

"मी कधी हसलो होतो?"

मुलांना खरं बोलायला शिकवणारा मी, खुर्च्या सारख्या करायला लागलो. उत्तर मिरचीने दिलं.

"ती शिंक आहे, सर. उलटी लावलीय."

सर पडद्यावर थांबलेल्या चित्राकडे पाहत राहिले.

"हिला सांगू नका," ते म्हणाले.

दोघं पायऱ्या उतरू लागले. त्या हातवारे करत अजून त्याच तुकड्याबद्दल बोलत होत्या. आणि सर, पत्नीचं लक्ष नाही असं बघून, ओठ जरा ताणून पाहत होते.