शिवलीलाच्या खात्यातली एक जागा

फुकट डिलिव्हरी बंद होणार हे कळलं तो मंगळवार होता. मी भाकरीचं पीठ मळत होतो आणि माझ्या बायकोचा, शिवलीलाचा मोबाईल वाजला. ती जाऊन सात महिने झाले होते, पण तिचा मोबाईल मी रोज चार्ज करतो. मेसेज ऑनलाइन खरेदीच्या कंपनीचा होता. तिच्या मेंबरशिपवर नातेवाइकांनी आपापल्या पत्त्यावर माल मागवायचा, हे एक तारखेपासून चालणार नव्हतं. तिच्याबरोबर त्याच घरात राहणारी एकच व्यक्ती आता खात्यात ठेवता येईल आणि माल त्याच घरी येईल. नाव रविवारपर्यंत कळवा.

मी पिठाच्या हातानं खाली बसलो.

तुम्ही म्हणाल, त्यात काय एवढं. सांगतो. शिवलीलानं त्या खात्यात सात घरं घेतली होती. बार्शीचा तिचा भाऊ राजशेखर, वरच्या मजल्यावरच्या बनाबाई, माझी पुतणी अक्षता, आणि असेच आणखी चार. सगळे घरचेच की, म्हणायची. यांच्यापैकी कुणीही काही मागवलं की ओटीपी तिच्या मोबाईलवर यायचा. ती गेल्यावर सगळे तो मला विचारू लागले. ओटीपी सांगायला अर्धं मिनिट लागतं. पण राजशेखर आधी नळाला पाणी कधी आलं ते विचारायचा, मग त्याच्या म्हशीचं सांगायचा, मग ओटीपीची मुदत संपायची आणि पुन्हा फोन. बनाबाई तर जिना उतरून यायच्या आणि चहा घेऊनच जायच्या. तीस वर्षं मी शाळेच्या गणवेशांचं कापड कापलं. मला बोलायची सवय नाही. सात महिन्यांत माझं जे काही बोलणं झालं, ते या ओटीपीमुळं झालं. एकच नाव ठेवायचं म्हणजे बाकीची घरं गप्प होणार.

मी अक्षताला मेसेजचं तेवढं सांगितलं. तिनं ते सातही घरांच्या ग्रुपवर टाकलं.

बुधवारी बनाबाईंची शेंगापोळी आली. गुरुवारी पुन्हा आली, तूप जास्त. शुक्रवारी राजशेखर एसटीनं अर्धं पोतं ज्वारी घेऊन उतरला. बॅगेतून त्यानं आधी लुंगी काढली आणि माझ्या खुंटीला टांगली. म्हणाला, आता मी इथंच राहतो, कंपनीचं माणूस बघायला आलं तर लुंगी दिसली पाहिजे. बनाबाईंचं म्हणणं, पाण्याची टाकी एक, जिना एक, मग घर वेगळं कसं. टाकीवरनं नातं लागत असेल तर निम्मं सोलापूर दाजींचं सोयरं, असं राजशेखर म्हणाला. दोघं भांडत भांडतच जेवायला बसले. हसता हसता मला ठसका लागला. बनाबाईंनी पाठीत असा दणका घातला की ताटातली चटणी उडाली.

"बनाबाई," राजशेखर म्हणाला, "जागा मिळवायची हाय, रिकामी करायची न्हाय."

त्या दिवशी मी तीन शेंगापोळ्या खाल्ल्या.

रविवारी अक्षता आली. तिनं खातं उघडलं आणि नावांची यादी वाचली. थांबली. पुन्हा वाचली.

"काका, यात तुम्ही कुठं आहात?"

मी नव्हतोच. बनियन फाटलं, ब्लेड संपलं, की मी आतल्या खोलीतून ओरडायचो आणि शिवलीला मागवायची. माझं नाव घालायची तिला कधी गरजच पडली नाही. चाळीस वर्षं एका घरात राहून कंपनीच्या यादीत मी कुठंच नव्हतो, आणि बार्शीची म्हैस सांभाळणारा राजशेखर मात्र होता. राजशेखर हसता हसता खुर्चीवरून घसरला. बनाबाईंनी तोंडात पदर धरला. मलाही हसू आवरेना.

मग अक्षतानं पुढचा प्रश्न वाचला. निम्म्यातच तिचा आवाज बारीक झाला.

"ही व्यक्ती शिवलीला यांच्यासोबत याच घरात राहते का?"

राजशेखर उठला. खुंटीवरची लुंगी काढून त्यानं नीट घडी घातली.

"दाजींचं नाव घाल," तो म्हणाला.

मोबाईल मी स्वतः हातात घेतला. नाव टाकलं आणि 'हो' दाबलं. लगेच ओटीपी आला, त्याच मोबाईलवर.

"वाचा की मोठ्यानं, आप्पा," बनाबाई म्हणाल्या.

मी समोरच्या तिघांना एकेक आकडा वाचून दाखवला. शेवटच्या आकड्याला टाळ्या पडल्या.

आता सातही घरांचा माल मीच मागवतो आणि तो माझ्याच दारात येतो. न्यायला ज्याचं त्यानं यायचं. राजशेखरनं मागवलेली चप्पल तीनदा परत पाठवली, म्हणजे तीन वेळा बार्शीहून आला. बनाबाईंनी कुकरची रिंग नेली, तिच्यासाठी चार फेऱ्या मारल्या. पार्सलवाल्यानं परवा विचारलं, या घरात माणसं किती आहेत. जिन्यातून बनाबाई म्हणाल्या, मोजून सांगते.

खातं अजून शिवलीलाच्याच नावावर आहे. ती गेल्याचं कंपनीला कळवायचं राहिलं आहे.