कॅमेरावाले का हसले

फरशीवर पिवळी चिकटपट्टी. तालमीत ही पट्टी म्हणजे दार.

१९६१, कार्डिफ. टीव्हीवर हवामानाच्या बातम्या. दिग्दर्शक लेनर्ड हॅबगुडने ढगांच्या नकाशाऐवजी निवेदकाची जांभई दाखवली. शिक्षा म्हणून विनोदी मालिकांच्या खात्यात बदली.

त्याच खात्यातल्या डेरिक नावाच्या दिग्दर्शकाला काढलं, त्याआधी फेअरक्लॉसाहेबांनी त्याला जेवायला नेलं होतं. कोकराचं मटण, शेवटी कस्टर्ड. फार गोड बोलले म्हणे.

रिकामी किटली.

१९७४, लंडन, ॲक्टनमधल्या चर्चचा हॉल. कॅमेरावाले, दिवेवाले, आवाजवाले मंगळवारी विनोदी मालिकेची तालीम बघायला आले. हे लोक हसत नाहीत. कोण कुठून येतो, कॅमेरा कुठे लावायचा, एवढंच बघतात. म्हातारी नटी विनिफ्रेड पाद्री झालेल्या नटाच्या कपावर रिकामी किटली वाकडी धरून नुसती थांबून राहिली, तेव्हा स्टॅन मज नावाचा कॅमेरावाला फिसकन हसला. मग सगळेच. एक जण तर डोळे पुसत होता.

लेनर्डने हसणाऱ्यांचे चेहरे एकेक करून पाहिले. दिग्दर्शक तोच, निर्माताही तोच. पुढचे सहा भाग त्याला द्यायचे की नाही, हे शुक्रवारच्या, प्रेक्षकांसमोरच्या चित्रीकरणावर ठरणार होतं.

"कुणी सांगितलं तुम्हाला हसायला?" त्याने स्टॅनला चहापाशी गाठलं.

"आता हसायलाही परवानगी लागते का, साहेब?"

"फेअरक्लॉसाहेबांनी सांगितलं?"

"खातेप्रमुखांनी? मला ते नाताळच्या पार्टीत दिसतात, तेसुद्धा पाठमोरे."

कुठल्या कॅमेऱ्याचं चित्र दाखवायचं त्याची बटणं दाबणारी बेरिल इतकी वर्षं त्याच्या शेजारी बसत आलेली. ती म्हणाली, "लेन, डोकं फिरलंय का तुझं? गंमत वाटली म्हणून हसले."

"आजवर कधी हसले नाहीत ते."

"आजवर तू त्यांना हसण्यासारखं दाखवलंस कधी?"

एरवी हा टोमणा त्याला आवडला असता. आज त्यात त्याला समजूत काढल्यासारखं काहीतरी ऐकू आलं. बुधवारी कँटीनमधल्या बाईने ताटात एक सॉसेज जास्त वाढलं. दारावरचा माणूस चक्क नाव घेऊन बोलला. डेरिकशीही शेवटी सगळे असेच गोड वागत होते.

गुरुवारी त्याने ठरवलं. या खोट्या हशाच्या भरवशावर राहायचं, आणि शुक्रवारी खरे प्रेक्षक गप्प बसले की फेअरक्लॉला आपल्याला काढायचं आयतं निमित्त मिळायचं. त्यापेक्षा किटलीपाशी थांबायची ती जागाच नको.

"विनिफ्रेडबाई, थांबायचं नाही. चहा ओतायचा आणि पुढचं वाक्य."

"रिकाम्या किटलीतून काय ओतू, बाळा?"

"भरलेली देतो."

"मग लोकांनी हसायचं कशाला?"

शुक्रवारी प्रेक्षकांसमोर किटली भरलेली होती. चहा ओतला गेला. पाद्री प्यायला. मागच्या रांगेत कुणीतरी खोकलं.

संपल्यावर फेअरक्लॉ खाली आले. "हॅबगुड, ती किटलीची गंमत कुठे गेली? परवा बेरिलने सांगितली, म्हणून मी बायकोलाही घेऊन आलो."

लेनर्ड त्यांच्याजवळ सरकला.

"त्यांना हसायला तुम्हीच सांगितलं होतं ना?"

"कुणाला?"

"असू दे."

फेअरक्लॉंनी बायकोकडे पाहिलं, तिचा कोट उचलला आणि निघाले. पुढचे सहा भाग जानेवारीत सुरू झाले. दिग्दर्शक दुसरा होता.

कॅमेरावाले हसले त्या मंगळवारी फेअरक्लॉ दाढ काढायला गेले होते. तालीम आहे हेच त्यांना ठाऊक नव्हतं.