खडखडणारं लाकूड

खंडेनवमी तीन दिवसांवर आली होती, आणि पुसता पुसता यमुनाबाईंच्या हातात एकनळी बंदूक सुटी झाली. नळीखालचं लाकूड चिरफळलं होतं.

कलमांच्या बागेतली वांदरं हाकायला त्यांच्या यजमानांनी, लवूंनी, ती तरुणपणी घेतलेली. लवू गेले तसा परवाना यमुनाबाईंच्या नावावर झाला. बार त्यांनी कधी काढला नाही. पण दर नवमीला कोयत्याशेजारी पाटावर ठेवून हळदकुंकू वाहिलं. मोडलेली वस्तू पुजायची नाही, हा त्यांचा नेम. आणि ह्यांची बंदूक पाटावर नाही, अशी नवमी त्यांना नको होती.

दुसऱ्या दिवशी परवाना आणि बंदूक घेऊन त्या चिपळूणला गेल्या. बंदुका दुरुस्त करणाऱ्या बाबूने लाकडातली लोखंडी पट्टी काढून भिंगाखाली धरली.

"आजी, नळीवर नि घोड्याच्या पेटीवर एकच नंबर आहे. या पट्टीवर भलताच! हे लाकूड तुमच्या बंदुकीचं नव्हेच. सैल बसत होतं, म्हणून फाटलं."

"मग दुसरं घाल ना, बाबा."

"ही बंदूक करणारेच उरले नाहीत. हिच्यासारखीच दुसरी कुठेतरी असणार, आणि तुमचं लाकूड तिला. ती शोधा."

शोधायची कसली? एस्टीत बसल्या बसल्या यमुनाबाईंना पूर्णगडची पडवी दिसू लागली. लवू आणि सखाराम, होड्या बांधणारा त्यांचा दोस्त, दोघांनी एकाच दिवशी एकसारख्या बंदुका घेतल्या होत्या. आंबा उतरला की सखारामच्या पडवीत एकाच गोणपाटावर दोन्ही खोलून बसायचे. तेल थोडं, थापाच फार. घरी येताना लवू कुरकुरायचे, "खडखडते गो ही. सख्याची बघ, कशी गप्प!"

दुसऱ्या सकाळी मोडकं लाकूड पदराखाली घेऊन त्या पूर्णगडला पोचल्या.

"या वहिनी! उपासाला चहा चालतो ना?"

"चालतो, भावोजी. आधी तुमची बंदूक दाखवा."

सखारामने खुंटीवरची बंदूक उतरवली, लाकूड सोडवलं, यमुनाबाईंनी पुढे केलेल्या मोडक्या लाकडाच्या पट्टीवरचा नंबर आपल्या नळीवरच्या नंबराशी जुळवून पाहिला आणि खो खो हसला.

"मेल्याने माझं नेलं, आपलं इथे टाकलं! वर जन्मभर मलाच म्हणे, तुझी बरी लागली!" हसता हसता त्याने डोळे पुसले. मग आपल्या हातातलं लाकूड पुढे केलं. "न्या. उद्या नवमी."

"आणि तुमची?"

"हे मोडकं तारेने आवळीन. आता कोण बार काढतोय?"

"मोडलेलं घरात ठेवू नये, भावोजी."

"हे बघा तरी." त्याने मोडक्या लाकडावर बोट ठेवलं. तिथे एक खळगा पडला होता, गुळगुळीत. "लवूचा अंगठा. हे मी टाकू?"

यमुनाबाई एवढी वर्षं त्याच जागी कुंकू लावत आल्या होत्या. त्यांनी खळग्यावर आपला अंगठा टेकवला, थोडा वेळ तसाच ठेवला आणि लाकूड सखारामच्या हातात दिलं.

नवमीला बंदूक पाटावर अखंड होती. मांडण्याआधी यमुनाबाईंनी मुद्दाम हलवून पाहिली. गप्प.

हळदकुंकू वाहून झाल्यावर त्यांनी झेंडूचं एक फूल बाजूला काढलं आणि पूर्णगडला न्यायच्या पिशवीत ठेवलं. मोडक्यासाठी.