कोपीवरची लाल फुली

मी एक जुनी कापडी शेळी आहे, हातात घालून बोलवायची बाहुली. माझं अंग रंगुबाई नावाच्या म्हातारीच्या फाटक्या लुगड्याचं आहे आणि डोळे शर्टाच्या बटणांचे. एक काळा, एक तपकिरी. मित्रांनो, मला अक्षरं फार उशिरा आली. आधी कितीतरी वर्षं मी बेलापूरच्या अंगणवाडीत खुंटीला लटकत होते. मग तिथल्या भागिरथीताई नगरच्या एका केबल वाहिनीसाठी लहान मुलांचे धडे लिहू लागल्या. त्यांनी लिहिलेलं बोलता बोलता मी वाचायला शिकले.

ताईंची एक रीत होती. धडा लिहून झाला की मला पिशवीत घालून त्या कोल्हारजवळ ऊसतोडीच्या तळावर जायच्या आणि पोरांना करून दाखवायच्या. ज्या वाक्याला पोर उठून गेलं, ते वाक्य तिथल्या तिथं खोडायच्या. अशी अकरा वर्षं गेली. वाहिनीच्या गाडीवर माझं चित्र लागलं. मी सांगेन ते पोरांना खरं वाटायचं.

गेल्या हंगामात ताईंनी 'घ'चा धडा लिहिला. त्यात कौलारू घर होतं, पत्र्याचं होतं, माडीचं होतं आणि उसाच्या पाचटाची कोपीही होती. प्रत्येक दारात जाऊन मी म्हणायचं, "हेही घर!" ते ऐकून तळावरची सहा वर्षांची आरती आईला, कडूबाईला, ओढत घेऊन आली.

"आये, आपलं घर टीव्हीत येनार!"

"येऊ दे की," कडूबाई हसली. "सारवून ठिवते मंग."

पुढे ताईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. त्या घरी असतानाच वाहिनीवाल्यांनी मला नेऊन चित्रीकरण उरकलं. वाहिनीचे पंकज साहेब म्हणाले, "ही झोपडी कशाला? मुलांना जरा चांगलं दाखवा." त्यांनी धड्याचं कोडंच करून टाकलं : यातलं घर नसलेलं ओळखा. माझ्यात परका हात शिरला. त्यानं माझं तोंड उघडलं आणि कोपीकडे बघून मी म्हणाले, "हे घर नाही!" कोपीवर लाल फुली आली. वर टाळ्यांचा आवाज जोडला.

मला ताईंकडे परत पाठवलं, पण धडा बदलल्याचं त्यांना कुणीही कळवलं नाही. धडा लागला त्या दिवशी त्या काळा चष्मा लावून तळावर आल्या. सगळी पोरं गोळा करून त्यांनी मोबाईल उंच धरला. फुली आली. मोबाईलमध्ये टाळ्या वाजल्या, तळावर कुणीच वाजवल्या नाहीत.

आरतीनं विचारलं, "मंग आमी कुठं ऱ्हातो?"

ताईंनी तिथूनच साहेबांना फोन लावला.

"मॅडम, एवढ्याशा गोष्टीचं काय घेऊन बसलात?"

"एवढीशी? पोर समोर बसलीय माझ्या. या इथं, आणि तुमच्या तोंडानं सांगा तिला."

साहेबांना मीटिंग होती. ताईंनी त्याच फोनवर काम सोडलं. तो धडा मात्र अजून दाखवतात, फुलीसकट. मित्रांनो, याचा मला संताप येतो. अकरा वर्षं पोरांनी माझ्यावर विश्वास ठेवला, आणि तोच विश्वास वापरून माझ्याच तोंडून त्यांचं घर पुसलं! घर कशाला म्हणायचं हे ठरवणारे साहेब पाचटाखाली एक दिवस तरी राहिले होते का?

ताईंनी मला पिशवीतून काढलं. आरती पाठ फिरवून बसली.

"लबाड हाय ती. चुलीत घाला तिला."

ताईंनी माझ्यात हात घातला नाही. मला तिच्या पुढ्यात ठेवलं आणि म्हणाल्या, "तिला स्वतःहून बोलता येत नाही, आरते. आता तूच बोलव."

ती वळली आणि एक लहानसा हात आत आला. तो माझ्या तोंडापर्यंत जेमतेम पुरत होता. आरतीनं मला कोपीच्या दारात नेलं. तिथं ताजं सारवण होतं, अजून ओलं.

"म्हन, ह्ये घर हाय."

मी म्हणाले.

"लई हळू बोललीस. जोरात म्हन!"

मी इतक्या जोरात म्हणाले की कडूबाई भाकरी टाकून बाहेर आली.

मित्रांनो, बाहुल्यांना जपा, आम्ही लवकर फाटतो. पण बाहुली तुमच्या घरावर फुली मारू लागली, तर मान खाली घालून बसू नका. तिच्यातला हात ओढून बाहेर काढा आणि तिथं आपला घाला.