एक काना कमी

परदेशी सिनेमातली माणसं पहिल्या भेटीतच चुंबन घेऊन मोकळी होतात आणि निस्तरावं लागतं बाईंना. सिनेमातल्यांच्या भाषेत पोस्टमनलाही आणि प्रियकरालाही एकच सर्वनाम. मराठी डबिंगमध्ये मात्र 'तुम्ही'वरून 'तू'वर नेमकं कधी उतरायचं, हे संवाद लिहिणाऱ्या बाईंनीच ठरवायचं. लवकर उतरलं तर नायिका उठवळ वाटते; उशीर केला तर पलंगावर 'अहो, ऐकलंत का' सुरू होतं आणि प्रेमप्रकरणाचा बघता बघता संसार होतो.

यावरून त्यांचं रोज वाजायचं ते ध्वनिमुद्रकाशी. त्याला सगळे कानसेन म्हणत. पलीकडच्या खोलीतल्या पंख्याची कुरकुरही त्याला ऐकू यायची, बाईंच्या मनातलं तेवढं येत नसे. दोघांचेही जोडीदार जाऊन बरीच वर्षं झाली होती. स्टुडिओच्या काचेआड बसून त्यांनी कितीतरी जोडपी जुळवली; स्वतःची मजल मात्र 'चहा घेणार का तुम्ही?' याच्या पुढे गेली नाही.

आता लेकीने तिकीट पाठवलं होतं. "आई, तिथे एकटी काय करतेस? इथे ये कायमची, बाळाला सांभाळ." परदेशात जाऊन प्रेम करायचं ते सिनेमातल्यांनी, बाईंच्या वाट्याला लंगोट. पुढच्या आठवड्यात विमान होतं. कुणीतरी थांब म्हणावं, अशी वेडी आशा त्यांना वाटत होती आणि या वयात ती वाटते याची लाजही.

त्या दिवशी शेवटच्या सिनेमाचा शेवटचा प्रसंग होता. विमानतळावर नायिका निघालेली, नायक धावत आलेला. बाईंनी लिहिलं होतं, "जाऊ नका."

"हे बसत नाही," कानसेन म्हणाला. "शेवटी त्याचे ओठ गोल होतात. 'नकोस' हवं."

"माणूस घाबरलाय हो. घाबरलेला माणूस 'नका'च म्हणतो."

"अहो बाई, विमान सुटतंय! आता कसला मान राखायचा?"

"हे त्याला आधी सुचायला हवं होतं," बाई फणकारल्या. "अख्खा सिनेमा काय करत होता मेला?"

कानसेनने सिनेमा बंद केला, स्वच्छ असलेली बटणं उगाच पुसली, घसा खाकरला. बाई कागद पिशवीत कोंबायला लागल्या.

"जाऊ नकोस," तो म्हणाला.

बाईंनी सवयीने पडद्याकडे पाहिलं. पडदा काळा होता. आवाज जुळवून बघायला तिथे कुणाचे ओठच नव्हते.

"रेकॉर्डिंग चालू आहे?"

"नाही. केव्हाच बंद केलं."

बाईंच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं आणि त्या पाण्याचाही त्यांना रागच आला.

"नीट ऐकू नाही आलं," त्या म्हणाल्या. "परत म्हण."

कानसेनच तो. 'म्हणा'मधला काना गळलेला त्याला बरोबर ऐकू आला.